आभाळातल्या वाटांचे नकाशे

‘शाकुंतला’च्या सातव्या अंकात दुष्यंत इंद्राच्या रथातून पृथ्वीकडे परत निघतो. सारथी आहे मातली. वाटेत राजा त्याला विचारतो, की आपण सध्या वाऱ्यांच्या कोणत्या मार्गावर आहोत? मातली त्या मार्गाचे नाव सांगतो आणि रथ पुढे जातो. आभाळात वाऱ्यांचे सात थर एकावर एक आहेत आणि त्यांना आवह, प्रवह, उद्वह अशी नावे आहेत, ही कल्पना आपल्याकडे जुनी आहे. भास्कराचार्यांनीही ‘सिद्धान्तशिरोमणी’त जमिनीलगतचा वारा बारा योजनांपर्यंत असतो, ढग आणि विजा त्यातच असतात आणि त्याच्या वर ग्रहताऱ्यांना फिरवणारा प्रवह वारा वाहतो, असे सांगितले आहे.

दुष्यंताचा तो प्रश्न आज रोज हजारो वेळा विचारला जातो. उड्डाणापूर्वी वैमानिक विचारतो, की दहा-अकरा किलोमीटर उंचीवर वारा कुठून कुठे आणि किती वेगाने वाहतो आहे? मान्सूनचा अंदाज देणारा शास्त्रज्ञ विचारतो, की केरळच्या डोक्यावर पश्चिमेचे वारे किती उंचीपर्यंत पोहोचले? शहराच्या प्रदूषणावर लक्ष ठेवणारा विचारतो, की आज सकाळी हवा कितव्या मजल्याशी अडली आहे? या प्रश्नांची उत्तरे ज्या नकाशांत सापडतात, ते नकाशे जेमतेम शंभर-सव्वाशे वर्षांचे आहेत. डोंगराचा नकाशा एकदा काढला की पिढ्यान्‌पिढ्या पुरतो. वाऱ्याचा मात्र दर काही तासांनी शिळा होतो. म्हणून हा नकाशा काढणाऱ्यांचे काम कधी संपत नाही, आणि त्यांचे नावही सहसा कुठे छापून येत नाही.

राख, ढग आणि बधिर झालेले हात

वारा दिसत नाही, त्याने वाहून नेलेली वस्तू दिसते. जुन्या निरीक्षकांना ढगांचा आधार होता. खालचे ढग एका दिशेने आणि वरचे दुसऱ्याच दिशेने चाललेले आपणही पावसाळ्यात पाहतो. पण ढगांच्याही वरचे काय, याचे उत्तर १८८३ साली एका ज्वालामुखीने दिले. २७ ऑगस्टला इंडोनेशियातील क्राकातोआ फुटला. त्याची बारीक धूळ खूप उंच गेली आणि विषुववृत्ताच्या आसपास पूर्वेकडून पश्चिमेकडे वाहू लागली. ५ सप्टेंबरला होनोलुलूत सेरेनो बिशप या धर्मोपदेशकाने सूर्याभोवती एक विचित्र वलय पाहिले. ठिकठिकाणच्या आणि जहाजांवरच्या अशा नोंदी जुळवल्यावर लक्षात आले, की धुळीने साधारण दोन आठवड्यांत पृथ्वीला फेरा घातला होता. बिशप यांनी या प्रवाहाला धुराचा प्रवाह म्हटले. तोपर्यंत इतक्या उंचीवर असा अखंड वारा असेल, हे कोणाच्या गावीही नव्हते.

त्याआधी काही जण स्वतःच वर जाऊन पाहत होते. ब्रिटिश हवामानशास्त्रज्ञ जेम्स ग्लेशर आणि फुगेवाला हेन्री कॉक्सवेल ५ सप्टेंबर १८६२ रोजी वुल्व्हरहॅम्प्टनहून उघड्या टोपलीतून उडाले. सुमारे २९ हजार फुटांवर, म्हणजे जवळपास एव्हरेस्टच्या माथ्याइतक्या उंचीवर, ग्लेशर यांना तापमापक वाचता येईना. हात हलेना, मान कलंडली आणि शुद्ध गेली. कॉक्सवेल यांचे हात थंडीने निकामी झाले होते. त्यांनी वायू सोडण्याची दोरी दातांत धरून ओढली आणि फुगा खाली आणला. एवढ्या उंचीवर श्वासातून मिळणारा प्राणवायू समुद्रसपाटीच्या साधारण एक तृतीयांश उरतो. मेंदूला तो कमी पडला, की आधी दृष्टी आणि विचार मंदावतात. धोका आहे हे कळण्याची क्षमताच जाते, त्यामुळे माणूस घाबरतही नाही. १८७५ मध्ये फ्रान्समध्ये ‘झेनिथ’ फुग्यातून गेलेल्या तिघांपैकी दोघे असेच वरच्या वर गेले. प्राणवायूच्या पिशव्या सोबत असूनही त्या वेळेत वापरल्या गेल्या नाहीत.

यातून एक शहाणपण आले. माणसाने खाली राहावे आणि फुग्याला वर पाठवावे. १८९० च्या दशकापासून लिओं तेसरां द बोर यांनी पॅरिसजवळ यंत्रे बांधलेले शेकडो फुगे सोडले. साधारण अकरा किलोमीटरवर तापमान उतरायचे थांबते, हे त्यांनी १९०२ मध्ये जाहीर केले. आज आपण त्या थराला स्थितांबर म्हणतो. त्या काळी रेडिओ नव्हता, त्यामुळे नोंदी हाती येण्यासाठी खाली पडलेले यंत्र परत मिळावे लागे. म्हणून त्यावर पत्ता आणि बक्षिसाची चिठ्ठी असे. विज्ञानाचा एक मोठा शोध अशा रीतीने शेतात पडलेली पेटी इमानाने परत करणाऱ्या लोकांवर अवलंबून होता.

कोनांची भाषा

वारा मोजण्याची त्याहून साधी आणि स्वस्त युक्ती म्हणजे पायलट बलून. त्याला कोणतेही यंत्र बांधायचे नाही. हायड्रोजन मोजून भरायचा, म्हणजे फुगा ठरावीक वेगाने चढतो. जमिनीवर थिओडोलाइट, म्हणजे सर्वेक्षण करणारे वापरतात तशी कोन मोजणारी दुर्बीण, लावायची आणि दर मिनिटाला फुग्याचे दोन कोन टिपायचे. किती वर आणि कोणत्या दिशेला. समजा फुगा मिनिटाला १८० मीटर चढतो. दहा मिनिटांनी तो १,८०० मीटर उंच असणार. तेव्हा दुर्बिणीचा कोन बरोबर ४५ अंश असेल, तर तो आपल्यापासून आडवा १,८०० मीटरच दूर गेला आहे. पुढच्या मिनिटाला किती सरकला, यावरून त्या उंचीच्या वाऱ्याचा वेग आणि दिशा निघते. निरभ्र आकाशात पांढरा फुगा, ढगाळ आकाशात गडद रंगाचा. रात्री त्याखाली छोटा कंदील टांगायचा आणि ताऱ्यांच्या गर्दीत तो मिणमिणता ठिपका डोळ्याआड होऊ द्यायचा नाही.

गणित शाळकरी मुलाला जमेल असे आहे. अवघड आहे ती चिकाटी. एक फुगा काहीच सांगत नाही. हजार फुगे, एकाच जागेवरून, उन्हापावसात, सुट्टीच्या दिवशीही सोडले, की आभाळातली वाट उमटू लागते.

कोणी न वाचलेला शोध

या चिकाटीचे सर्वांत चटका लावणारे उदाहरण जपानमधले आहे. तोक्योच्या ईशान्येला तातेनो येथे १९२० मध्ये वरच्या हवेची वेधशाळा सुरू झाली. वासाबुरो ओइशी तिचे पहिले संचालक. मार्च १९२३ ते फेब्रुवारी १९२५ या दोन वर्षांत त्यांच्या वेधशाळेने फुग्यांची १,२८८ निरीक्षणे केली. हिवाळ्यातल्या नोंदी पाहून कोणीही चक्रावला असता. २ डिसेंबर १९२४ च्या नोंदीत सुमारे नऊ किलोमीटर उंचीवर वाऱ्याचा वेग सेकंदाला ७० मीटरच्या वर, म्हणजे ताशी अडीचशे किलोमीटरहून जास्त निघाला. चक्रीवादळाचा वेग, पण वादळ कुठेच नाही. खाली साधा हिवाळ्याचा दिवस.

ओइशी यांनी १९२६ मध्ये हा अहवाल छापला. जगाला कळावा म्हणून जपानीऐवजी आंतरराष्ट्रीय भाषा निवडली. ती भाषा होती एस्पेरान्तो. सगळ्या माणसांची एक समान भाषा व्हावी, या ध्येयाने निर्माण केलेल्या या भाषेचे ओइशी कट्टर पुरस्कर्ते होते. पुढे ते जपानच्या एस्पेरान्तो संस्थेचे अध्यक्षही झाले. हेतू चांगला होता, पण ती भाषा वाचणारे हवामानशास्त्रज्ञ जगात विरळाच. अहवाल कपाटात राहिला.

त्याची किंमत वीस वर्षांनी कळली. २४ नोव्हेंबर १९४४ रोजी अमेरिकेची १११ बी-२९ विमाने तोक्योजवळच्या विमान-इंजिनांच्या कारखान्यावर बॉम्ब टाकायला निघाली. नऊ-दहा किलोमीटर उंचीवर त्यांना मागून प्रचंड वारा लागला. जमिनीच्या तुलनेत त्यांचा वेग ताशी सातशे किलोमीटरवर गेला आणि नेम धरणारी यंत्रे निकामी ठरली. मुख्य लक्ष्यावर फक्त २४ विमानांना बॉम्ब टाकता आले, तेही बहुतेक भलतीकडे पडले. उंचावरून नेम लागत नाही म्हटल्यावर अमेरिकेने डावपेच बदलले. मार्च १९४५ मध्ये रात्री, कमी उंचीवरून, तोक्योच्या लाकडी वस्त्यांवर आगीचे बॉम्ब टाकण्यात आले आणि एका रात्रीत सुमारे एक लाख माणसे मेली. या बदलाला इतरही कारणे होती, पण त्यांतले एक कारण हा वारा होता.

जपानला तो वारा ठाऊक होता आणि त्याने तो शस्त्र म्हणून वापरला. हवामानशास्त्रज्ञ हिदेतोशी अराकावा यांच्याकडे एक गणित सोपवले गेले. हिवाळ्यात जपानहून सोडलेला फुगा प्रशांत महासागर ओलांडून अमेरिकेला पोहोचेल का? उत्तर होकारार्थी आले. नोव्हेंबर १९४४ ते एप्रिल १९४५ या काळात सुमारे ९,३०० कागदी फुगे बॉम्ब बांधून सोडण्यात आले. कागद चिकटवण्याचे काम शाळकरी मुलींकडून करून घेतले गेले. त्यांपैकी सुमारे तीनशे फुगे उत्तर अमेरिकेत सापडले. ५ मे १९४५ रोजी ओरेगॉन राज्यात ब्लाय गावाजवळ सहलीला गेलेल्या पाच मुलांना आणि एका गर्भवती स्त्रीला जंगलात पडलेला असा एक फुगा दिसला. स्फोटात सहाही जण गेले. आभाळातल्या वाटेचा नकाशा काय करू शकतो, याचे हे काळे उदाहरण.

युद्धानंतर शिकागो विद्यापीठात कार्ल-गुस्ताफ रॉस्बी आणि सहकाऱ्यांनी या वाऱ्याची शास्त्रीय मांडणी केली आणि ‘जेट स्ट्रीम’ हे नाव रूढ झाले.

हा वारा येतो कुठून?

विषुववृत्ताजवळची हवा गरम, ध्रुवाजवळची थंड. गरम हवा फुगते, तिचा थर उंच होतो. त्यामुळे दहा-बारा किलोमीटर उंचीवर गरम बाजूला दाब जास्त आणि थंड बाजूला कमी असतो. हवा ध्रुवाकडे निघते, पण पृथ्वी फिरत असल्यामुळे उत्तर गोलार्धात ती उजवीकडे वळते. शेवटी ती पश्चिमेकडून पूर्वेकडे वाहू लागते. जिथे थंड आणि गरम हवेची सीमा सर्वांत तीव्र, तिथे हा प्रवाह सर्वांत जोरात. शेकडो किलोमीटर रुंद, काही किलोमीटर जाड आणि हजारो किलोमीटर लांब अशी ही नागमोडी नदी. मुंबईहून लंडनला जाताना विमानाला जास्त वेळ लागतो आणि येताना कमी, तो या पश्चिमेच्या वाऱ्यांमुळे. ९ फेब्रुवारी २०२० रोजी अटलांटिकवर हा प्रवाह इतका जोरात होता, की न्यूयॉर्कहून निघालेले एक प्रवासी विमान पाच तासांच्या आत लंडनला पोहोचले.

फुग्यातून प्रवास करणाऱ्याला तर सुकाणूच नसते. त्याच्या हातात फक्त वर जाणे आणि खाली येणे. वारा पाहून पाठ फिरवायची, एवढेच. मार्च १९९९ मध्ये बर्ट्रांड पिकार आणि ब्रायन जोन्स यांनी न थांबता पृथ्वीप्रदक्षिणा केली, तेव्हा जमिनीवर बसून ल्यूक ट्रुलेमान्स आणि पिएर एकर्ट हे दोन हवामानशास्त्रज्ञ त्यांना उंची सांगत होते. स्वित्झर्लंडहून निघालेल्या फुग्याला त्यांनी आधी उलट्या दिशेने, नैर्ऋत्येला आफ्रिकेच्या पश्चिम भागाकडे नेले. पूर्वेकडे जाणारा जोरदार वारा तिथे लागणार, हे नकाशात दिसत होते. वीस दिवसांपेक्षा थोड्या कमी वेळात फेरी पूर्ण झाली.

शिमला ऑफिसातून मान्सूनकडे

पुण्यात शिवाजीनगरला ‘शिमला ऑफिस’ नावाचा चौक आहे. पुण्यात शिमला कुठून आले, हा प्रश्न बाहेरगावच्या माणसाला पडतो. १८७५ मध्ये स्थापन झालेल्या भारतीय हवामान खात्याचे मुख्यालय पुढे शिमल्याला होते. ते १९२८ मध्ये पुण्याला आले, आणि दिल्लीला गेले ते १९४४ मध्ये. नाव मात्र इथेच राहिले. याच पुण्यात १९४८ पासून अ‍ॅना मणी यांनी हवामानयंत्रांच्या विभागात काम केले. परदेशातून आणावी लागणारी सुमारे शंभर यंत्रे देशात बनवता यावीत म्हणून त्यांनी आराखडे प्रमाणित केले. फुग्यातून वर पाठवून ओझोन मोजणारे भारतीय यंत्रही त्यांच्याच नेतृत्वाखाली तयार झाले. वाऱ्याचा नकाशा काढायचा, तर आधी मापे एकसारखी हवीत, यावर त्यांचा कटाक्ष होता.

भारतावरचा नकाशा युरोपच्या नकाशासारखा नाही. हिवाळ्यात पश्चिमेकडून येणारी जेट स्ट्रीम हिमालयाच्या दक्षिणेने, उत्तर भारतावरून वाहते. काश्मीरचा बर्फ आणि पंजाबच्या गव्हाला मिळणारा पाऊस आणणारे पश्चिमी झंझावात तिच्याच सोबतीने येतात. तिची एखादी लाट फार दक्षिणेला उतरली आणि तिला समुद्रावरची दमट हवा भेटली, तर काय होते, हे महाराष्ट्राने २०१४ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये पाहिले. काढणीला आलेला गहू, हरभरा आणि द्राक्षे गारपिटीने झोपवली.

जूनच्या सुमारास हा प्रवाह हिमालयाच्या उत्तरेला सरकतो. मग वरच्या आभाळाची मांडणीच उलटते. तिबेटचे पठार आणि उत्तर भारत तापलेले, दक्षिणेचा समुद्र त्या मानाने थंड. आधी सांगितलेले गणित आता उलट्या दिशेने चालते आणि दक्षिण भारतावर १४ ते १६ किलोमीटर उंचीवर पूर्वेकडून पश्चिमेकडे, थेट आफ्रिकेपर्यंत, एक वेगवान प्रवाह सुरू होतो. भारतीय हवामान खात्यातील पी. कोटेश्वरम यांनी १९५८ मध्ये त्याचे वर्णन केले. पुढे ते खात्याचे महासंचालक झाले.

आपल्या पावसाचा खरा वाहक मात्र बराच खाली आहे. दक्षिण गोलार्धातले वारे केनियाजवळ विषुववृत्त ओलांडतात. पूर्व आफ्रिकेच्या डोंगरांना घासून वळतात, सोमालियाच्या किनाऱ्यावरून निघून अरबी समुद्र पार करतात आणि आपल्या किनाऱ्यावर येऊन थडकतात. हा प्रवाह किलोमीटर-दीड किलोमीटर उंचीवर सर्वांत जोरात असतो. सह्याद्रीची उंचीही साधारण तेवढीच. म्हणून कोकणात पाणी कोसळते आणि घाटामागच्या तालुक्यांना उरलेसुरले मिळते. दक्षिण भारतावर जुलै महिन्यात असा खालचा जेट वाहतो, हे पी. व्ही. जोसेफ आणि पी. एल. रामन यांनी १९६६ मध्ये दाखवून दिले. आफ्रिकेच्या बाजूने येणारा त्याचा सगळा मार्ग जे. फिंडलेटर यांनी १९६९ मध्ये मांडला. आज तो ‘सोमाली जेट’ किंवा ‘फिंडलेटर जेट’ म्हणून ओळखला जातो.

शेतकऱ्याच्या दृष्टीने हा नकाशा म्हणजे पेरणी आणि दुबार पेरणी यांतला फरक आहे. मान्सून जोरात असतो तेव्हा या प्रवाहाचा गाभा आपल्या द्वीपकल्पाला छेदून जातो. पावसात खंड पडतो तेव्हा तोच प्रवाह अरबी समुद्रातूनच आग्नेयेकडे वळतो आणि भारताला टाळून दक्षिणेकडून निघून जातो. ‘केरळात मान्सून दाखल’ ही बातमीसुद्धा नुसत्या पावसावर ठरत नाही. ठरावीक १४ केंद्रांपैकी किमान ६० टक्के केंद्रांवर सलग दोन दिवस पाऊस हवाच. शिवाय पश्चिमेचे वारे ६०० हेक्टोपास्कल दाबाच्या पातळीपर्यंत, म्हणजे सुमारे सव्वाचार किलोमीटर उंचीपर्यंत भरलेले असावे लागतात. मे महिन्यात एखाद-दुसरी जोरदार वळवाची सर आली, म्हणून फसायचे नाही, हे शहाणपण त्या अटीत आहे.

पहाटेचा फुगा

१९२९ मध्ये फ्रान्समध्ये रोबेर ब्युरो यांनी आणि १९३० मध्ये सोव्हिएत रशियात पावेल मोल्चानोव्ह यांनी फुग्यासोबत छोटा रेडिओ पाठवला. तेव्हापासून यंत्र परत मिळण्याची वाट पाहावी लागत नाही. या यंत्राला रेडिओसोंड म्हणतात. आजचा रेडिओसोंड जेमतेम हातात मावेल एवढा, शंभर-दीडशे ग्रॅमचा असतो. तापमान, आर्द्रता आणि दाब तो कळवतो. वारा मोजण्यासाठी आता दुर्बीण लागत नाही. जीपीएसवरून फुगा किती सरकला, ते कळते.

जगभरातली केंद्रे यासाठी एकच वेळ पाळतात. ग्रिनिचच्या घड्याळाने मध्यरात्र आणि दुपारचे बारा. आपल्याकडे ती वेळ येते पहाटे साडेपाच आणि संध्याकाळी साडेपाच. फुगा त्याच्या थोडा आधी सोडला जातो. मुंबईत सांताक्रूझला, नागपूरला आणि गोव्यात पणजीला अशी केंद्रे आहेत. देशात ती पन्नासहून अधिक आणि जगात सुमारे आठशे. हायड्रोजन झटकन पेटतो, म्हणून फुगा भरताना ठिणगी पडणार नाही याची काळजी घ्यावी लागते. मग तो मिनिटाला तीनेकशे मीटर वेगाने चढतो. वरची हवा विरळ होत जाते तसा फुगत जातो आणि दीड-दोन तासांनी तीस किलोमीटरच्या आसपास फुटतो. वाटेत, साधारण सोळा-सतरा किलोमीटरवर, त्याला उणे ८० अंशांची थंडी लागते. मे महिन्याच्या नागपुरात खाली जमीन तापलेली असतानासुद्धा.

असा रोजचा फुगा वर्षानुवर्षे सोडला, तर काय हाती लागते? क्राकातोआची धूळ पूर्वेकडून पश्चिमेकडे गेली होती. पण १९०८ मध्ये आर्थर बेर्सन यांना पूर्व आफ्रिकेवर खूप उंचावर नेमके उलटे, पश्चिमेचे वारे सापडले. खरे कोण? हा पेच अर्धशतक सुटला नाही. १९६० च्या सुमारास अमेरिकेत रिचर्ड रीड आणि ब्रिटनमध्ये आर. ए. एब्डन यांनी विषुववृत्ताजवळच्या केंद्रांच्या अनेक वर्षांच्या नोंदी जुळवल्या. तो वारा आलटून-पालटून आपली दिशाच बदलतो आणि त्याचे एक पूर्ण चक्र अठ्ठावीस महिन्यांच्या आसपास असते, असे निघाले. दोन्ही निरीक्षणे खरी होती. ही लय एखाद्या हुशार प्रयोगातून सापडली नसती. ती नोंदवहीतूनच सापडायची होती.

पट्टा आणि श्वास

या नकाशाचा आपल्या शरीराशी थेट संबंध दोन ठिकाणी येतो.

पहिला विमानात. जेट स्ट्रीमच्या कडेला थोड्याच उंचीच्या अंतरात वाऱ्याचा वेग खूप बदलतो. तिथे हवा घुसळली जाते. ढग नसतात, त्यामुळे डोळ्यांना काही दिसत नाही आणि पाण्याच्या थेंबांवरून ढग ओळखणाऱ्या विमानातल्या रडारलाही ही खळबळ दिसत नाही. ब्रिटनमधील रेडिंग विद्यापीठाच्या २०२३ मधील अभ्यासानुसार उत्तर अटलांटिकवर एखाद्या ठिकाणी वर्षभरात तीव्र खळबळीचे एकूण तास १९७९ मध्ये १७.७ होते, ते २०२० मध्ये २७.४ झाले. वाढ ५५ टक्के. तापमानवाढीमुळे विमानांच्या उंचीवर उत्तर-दक्षिण तापमानातली तफावत वाढते आणि त्यासोबत उंचीनुसार बदलणारा वाऱ्याचा वेगही. मे २०२४ मध्ये लंडनहून सिंगापूरला निघालेल्या विमानाला म्यानमारवर जबर धक्के बसले. तिथे वाढत्या गडगडाटी ढगांचा संबंध असावा, असे मानले जाते. एका प्रवाशाचा मृत्यू झाला आणि अनेक जखमी झाले. अशा धक्क्यात इजा होते ती मुख्यतः पट्टा न बांधलेल्यांना. माणूस जागेवरून उडून छतावर आदळतो आणि डोके, मान किंवा पाठीचा कणा दुखावतो. म्हणून पट्ट्याचा दिवा विझला तरी बसलेले असताना पट्टा सैलसर बांधलेलाच ठेवावा. झोपताना तो पांघरुणाच्या वरून बांधावा. लहान मूल मांडीवर धरण्यापेक्षा त्याच्यासाठी योग्य बंधन मागून घ्यावे.

दुसरा संबंध जमिनीवरच्या श्वासाशी. एरवी वर जावे तशी हवा थंड होते. हिवाळ्याच्या रात्री जमीन लवकर निवते आणि तिच्यालगतची हवा थंड, तर तिच्या वरची गरम, असा उलटा प्रकार होतो. थंड जड हवा खाली बसते, वरची गरम हवा झाकणासारखी. गाड्यांचा, बांधकामांचा आणि शेकोट्यांचा धूर या झाकणाखाली कोंडतो. हे झाकण किती उंचीवर आहे, ते पहाटेचा फुगा सांगतो. हवा किती उंचीपर्यंत मिसळते आणि त्या थरात वारा सरासरी किती वेगाने वाहतो, या दोन आकड्यांच्या गुणाकारावरून ‘व्हेंटिलेशन इंडेक्स’ काढतात. तो घसरला, की शहराची खिडकी बंद झाली असे समजावे. दमेकरी, हृदयरोगी, गरोदर स्त्रिया आणि लहान मुलांसाठी हा अंदाज कामाचा आहे. अशा दिवशी भल्या पहाटेचा रस्त्यावरचा व्यायाम टाळून ऊन वर आल्यावर बाहेर पडणे बरे. ऊन जमीन तापवते, झाकण फोडते आणि हवा वर मिसळू लागते.

नकाशात पडणारी भोके

उपग्रह असताना फुगे कशाला, असा प्रश्न साहजिक आहे. उपग्रह ढगांचे सरकणे पाहून वारा काढतात, पण ढग नसतील तिथे आणि नेमक्या उंचीच्या बाबतीत त्यांची अडचण होते. युरोपीय अवकाश संस्थेने ऑगस्ट २०१८ मध्ये सोडलेल्या ‘इओलस’ या उपग्रहाने लेसर किरणांनी अवकाशातून थेट वारा मोजून दाखवला. त्याने अंदाज सुधारले, पण २०२३ मध्ये त्याचे आयुष्य संपले. प्रवासी विमानेही वारा मोजून पाठवतात. २०२० मध्ये कोविडने विमाने जमिनीवर आणली, तेव्हा या नोंदी एकदम घटल्या. आणि कोणतेही नवे साधन बरोबर मोजते आहे की नाही, हे तपासायला तुलनेसाठी शेवटी फुग्याचीच नोंद लागते.

फुगा सोडायला माणूस लागतो. २०२५ च्या सुरुवातीला अमेरिकेत मनुष्यबळाच्या कमतरतेमुळे काही केंद्रांनी फुगे कमी केले, काही ठिकाणी बंदच केले. आफ्रिकेच्या मोठ्या भागात आणि महासागरांवर केंद्रे आधीच विरळ आहेत. त्यातला अरबी समुद्र आपल्या दाराशी आहे, आणि आपल्या पावसाचा खालचा प्रवाह तर आफ्रिकेच्या किनाऱ्यावरूनच येतो. सोमालिया किंवा केनियावरच्या एखाद्या चुकलेल्या नोंदीचे मोल चार-पाच दिवसांनी कोकण आणि मराठवाड्यातही मोजले जाऊ शकते. वारा सीमा ओळखत नाही, त्यामुळे इथे एका देशाने काटकसर केली, तर तिचा फटका दुसऱ्यालाही बसतो.

ओइशी यांच्याकडे वारा होता, पण वाचक नव्हते. आज वाचक संगणकांच्या रूपात जगभर तयार आहेत. पहाटे सांताक्रूझहून, नागपूरहून किंवा पणजीहून चढणाऱ्या फुग्याची नोंद थोड्याच वेळात सगळ्या देशांच्या अंदाज केंद्रांत पोहोचते. म्हणून उद्या सकाळच्या अंदाजात ‘पश्चिमेकडील वाऱ्यांचा जोर वाढणार’ असे वाक्य आले, की ते आकाशवाणीसारखे कुठून तरी आलेले नसते. आदल्या दिवशी कोणीतरी वेळेवर उठून, फुगा भरून, हात सोडलेला असतो.